काचतंतूंच्या होडीचें रंगकाम

लाकडी होडी रंग पिते. काचतंतूंची होडी तो पीत नाहीं. ह्या एका भेदांत तिच्या रंगकामाचें बहुतेक मर्म आलें. लाकडाच्या रंध्रांत तेल मुरवून तीं कशीं बुजवावीं, हें कोंकणच्या किनाऱ्यावर पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. आतां त्याच वाळूवर फायबरच्या होड्या उभ्या दिसतात, आणि त्यांवर जुन्याच रीतीनें कुंचला फिरला कीं थोड्याच दिवसांत रंगाचे पापुद्रे सुटूं लागतात. मग बोल लागतो तो रंगाच्या डब्याला. तो बिचारा बहुधा निर्दोष असतो.

ही होडी साच्यांत घडते. ती साच्याला चिकटून बसूं नये म्हणून त्याला आंतून प्रथम मेण चोळतात. त्यावर रंगीत राळेचा सुमारें अर्धा मिलिमीटर जाडीचा थर देतात. त्याला जेलकोट असें नांव आहे. मग काचतंतूंच्या चटया राळेंत भिजवून एकावर एक बसवितात. होडी साच्यांतून निघाली म्हणजे जेलकोट बाहेरच्या अंगास येतो, आणि साच्याचें थोडें मेणहि त्याला लागून येतें. पुढें मालक चकाकीसाठीं मेण चोळतो तें वेगळेंच.

मेणावर रंग ठरत नाहीं. म्हणून गोड्या पाण्यानें धुतल्यावर मेण काढण्याच्या द्रावणानें होडी पुसावी. फडकें वरचेवर बदलावें; नाहीं तर एका जागचें मेण दुसऱ्या जागीं पसरतें, इतकेंच. परीक्षेला तांब्याभर पाणी पुरतें. तें सलग पडद्यासारखें ओघळलें तर अंग स्वच्छ झालें. थेंब-थेंब होऊन राहिलें तर मेण अजून आहे. ही परीक्षा होण्यापूर्वीं काचकागद हातीं घेऊं नये, कारण घासतांना मेण ओरखड्यांत दाबलें जातें. पुढें ८० ते १२० नंबरच्या कागदानें सर्व चकाकी मोडावी. लाकडावरचा जुना रंग जाळून काढतात, तशी ज्वाला येथें लावूं नये, राळच बिघडते. घासतांना उडणारी धूळ काचेची असते, तेव्हां तोंडावर नुसता पंचा बांधून भागत नाहीं. चांगली मुखपट्टी हवी.

खरी कठीण गोष्ट फोडांची. पाण्यांत राहणाऱ्या भागावर ते येतात, व फोडले असतां आंतून शिरक्यासारख्या आंबूस वासाचा द्रव निघतो. मनुका पाण्यांत टाकली असतां फुगते, त्याच नियमानें हें घडतें: जेलकोटांतून पाणी हळूहळू झिरपतें, राळेंतील विरघळणारे अंश त्यांत मिसळतात, आणि तें द्रावण आणखी पाणी ओढून घेतें. असे फोड उघडून, धुऊन, वाळवून मग एपॉक्सीची लांबी भरावी लागते. वाळण्यास आठवडे, कधीं महिनेहि लागतात.

आणि येथेंच कोळ्याची अडचण आहे. जून-जुलैंत मासेमारी बंद असल्यामुळें होडी किनाऱ्यावर ओढलेली असते. हाताला सवड असते, परंतु हवा ओलीचिंब. नारळी पौर्णिमेनंतर होडी नव्या रंगांत पाण्यांत उतरावी ही हौस रास्त आहे. पण दमट हवेंत एपॉक्सीवर एक चिकट पापुद्रा येतो. तो पाण्यानें धुऊन न काढल्यास वरचा हात सुटतो. होडीचें अंग दवबिंदूहून निदान ३ अंश उष्ण असावें, असा रंगाऱ्यांचा दंडक आहे. फोड नसतील तर चांगल्या छपराखालीं, उघडीप पाहून काम साधतें. फोड असतील तर तें उन्हाळ्यांतच काढावें. त्यापायीं धंद्याचे दिवस बुडतात, व रोजच्या जाळ्यावर चूल पेटणाऱ्या घराला तें जड जातें. तरी ओल्या अंगावर चढविलेला रंग दुसऱ्याच वर्षीं दुप्पट खर्चांत पाडतो.

पाण्यावरील भागास अस्तराच्या हातानंतर पॉलियुरेथेनचा रंग उत्तम. दोन डब्यांचा असेल तर कुंचल्यानेंच द्यावा, कारण त्याच्या फवाऱ्यानें दमा जडण्याचें भय असतें. सतत बुडालेल्या भागाला मात्र तो सहसा चालत नाहीं, फुगून निघतो. तेथें शेवाळ व कवचाचे जीव बसूं न देणारा तांब्याचा रंग देतात. पूर्वीं ह्या कामीं ट्रायब्युटिल-टिन हें कथिलाचें संयुग वापरीत. फ्रान्समध्यें आर्काशोंच्या खाडींतील कालवांचे शिंपले त्यानें विद्रूप होऊं लागले, तेव्हां १९८२ सालीं त्या देशानें लहान होड्यांवर त्याला बंदी केली; २००८ पासून आंतरराष्ट्रीय करारानेंहि तें वर्ज्य झालें. तांबेंहि विषारीच आहे. म्हणून असा जुना रंग कधीं कोरडा घासूं नये. ओला करून घासावा, आणि निघालेला गाळ गोळा करावा, भरतीच्या पाण्यांत सोडूं नये.