युरोपीय रंगभूमीचे मानकरी – लेखांक ७ : आल्बर्ट बासरमान

ऱ्हाइन आणि नेकार या नद्यांच्या संगमावर वसलेल्या मानहाइम शहरी १३ जानेवारी १७८२ रोजी शिलरच्या ‘दरोडेखोर’ या नाटकाचा पहिला प्रयोग झाला आणि त्यातील फ्रान्त्स मोर या खलपुरुषाच्या भूमिकेने इफ्लांड या तरुण नटाचे नाव जर्मन रंगभूमीच्या दप्तरी कायमचे दाखल झाले, हे वाचकांना गेल्या लेखांकावरून स्मरत असेल. त्याच मानहाइममध्ये ७ सप्टेंबर १८६७ रोजी आल्बर्ट बासरमान यांचा जन्म झाला. घराणे व्यापारात आणि राजकारणात नाव मिळविलेले. त्या रीतीस अनुसरून मुलाने कार्ल्सरूए येथे रसायनशास्त्राचे अध्ययन केले आणि वाल्डहोफच्या कागदाचा लगदा तयार करणाऱ्या कारखान्यात काही काळ नोकरीही केली. परंतु चुलते आउगुस्ट बासरमान हे नट व नाट्यगृहाचे संचालक होते, आणि पुतण्याचा ओढा प्रयोगशाळेपेक्षा त्यांच्या व्यवसायाकडे अधिक होता. १८८७ च्या सुमारास मानहाइमच्याच रंगमंचावर त्यांनी प्रथम पाऊल ठेवले.

या नटाच्या उमेदवारीचा विचार करताना एक गोष्ट ध्यानी ठेवली पाहिजे, ती अशी की त्यांना निसर्गाने जो आवाज दिला होता तो त्या काळच्या अभिरुचीप्रमाणे नटाला मुळीच शोभणारा नव्हता. जर्मन दरबारी नाट्यगृहांतून तेव्हा घंटानादासारख्या घुमणाऱ्या, पद्याच्या प्रत्येक चरणावर रेंगाळणाऱ्या वाणीचा बडेजाव होता. आणि बासरमान यांचा कंठ घोगरा, कर्कशतेकडे झुकणारा, शिवाय मानहाइमच्या बोलीची छटा त्यांच्या उच्चारांतून अखेरपर्यंत गेली नाही. पुढे कीर्तीच्या शिखरावर असतानाही या आवाजाचा उल्लेख केल्याशिवाय टीकाकारांची लेखणी पुढे सरकत नसे. मायनिंगनच्या संस्थानिक ड्यूकने समूहदृश्यांची व ऐतिहासिक वेषभूषेची जी कडक शिस्त आपल्या नाट्यगृहात रुजविली होती, तिच्या छायेत चार वर्षे काढून १८९५ मध्ये ते बर्लिनला आले, तेव्हा त्यांच्यापाशी शरीरावरील प्रभुत्व होते, निरीक्षण होते, अपार चिकाटी होती. मात्र त्या वाणीस साजेल असे नाटक त्यांच्या वाट्यास अद्याप आले नव्हते.

ते नाटक ऑटो ब्राम यांच्यामुळे आले. ब्राम हे मूळचे समीक्षक; इब्सेन आणि हाउप्टमान यांच्यासाठी त्यांनी बर्लिनमध्ये जणू मोहीमच उघडली होती, आणि त्यांच्या नाट्यगृहात नटाने गर्जना करावी अशी अपेक्षा नसून, दिवाणखान्यात बसलेला मनुष्य जसा अडखळत, मनातील अर्धे लपवीत बोलतो तसे बोलावे अशी होती. बासरमान यांचा घोगरेपणा येथे एकाएकी भूषण ठरला. इब्सेनच्या ‘रानबदक’ नाटकातील याल्मार एकडाल, म्हणजे स्वतःच्या मोठेपणाच्या कल्पनांवर जगणारा तो दुबळा, लाडावलेला गृहस्थ, त्यांनी असा उभा केला की प्रेक्षकाला त्याचा तिटकाराही यावा आणि त्याच क्षणी त्याला जवळ घ्यावेसेही वाटावे. आपल्या नाट्यशास्त्राने अभिनयाचे जे चार प्रकार मानले आहेत त्यांपैकी वाचिकाची उणीव सात्त्विकाने कशी भरून निघते, याचे याहून स्पष्ट उदाहरण माझ्या पाहण्यात नाही. १९०९ मध्ये ते माक्स राइनहार्ट यांच्या संस्थेत गेले आणि तेथे लियर, ऑथेल्लो, मेफिस्टो अशा भूमिकांतून हीच मानवी, रोजच्या बोलण्याची रीत त्यांनी अभिजात नाटकांतही नेली.

चित्रपटाशी त्यांचा संबंध आला तो १९१३ साली. तोवर बर्लिनचे मान्यवर नट चित्रपटाकडे जत्रेतील तमाशाच्या दृष्टीने पाहत, आणि बासरमान तर स्वतःचे छायाचित्रही प्रसिद्ध होऊ देत नसत. असा मनुष्य माक्स माक यांच्या ‘दुसरा’ या चित्रपटात काम करण्यास राजी झाला, ही त्या काळी मोठी खळबळजनक वार्ता होती. घोड्यावरून पडल्यावर द्विधा व्यक्तिमत्त्वाचा शिकार झालेला एक कायदेपंडित रात्री आपल्याच घरात चोरी करण्यास शिरतो, असे त्याचे कथानक. मूकपटात तो आवाज नव्हता, पद्य नव्हते, केवळ देह होता. तरी इतक्या प्रतिष्ठित नटाने सही केल्यामुळे बर्लिनच्या वृत्तपत्रांना चित्रपटाचे परीक्षण नाटकाच्या परीक्षणाइतक्याच गंभीरपणे छापणे भाग पडले. पुढे लुबिचच्या ‘फारोची स्त्री’पासून बोलपटाच्या युगातील ‘ड्रायफस’पर्यंत त्यांनी पुष्कळ भूमिका केल्या, ‘ड्रायफस’मध्ये अन्यायाने शिक्षा झालेल्या ज्यू अधिकाऱ्याच्या बाजूने उभा राहणारा कर्नल पिकार त्यांनी केला, तो १९३० मध्ये.

तत्पूर्वी १९११ मध्ये फ्रीडरिश हासे या वृद्ध नटाकडून त्यांच्याकडे इफ्लांडची अंगठी आली होती. इफ्लांडची प्रतिमा कोरलेली, हिऱ्यांनी वेढलेली ही अंगठी जर्मन भाषेतील श्रेष्ठ नटाने हयातभर धारण करावयाची आणि आपला वारस स्वतः मुक्रर करावयाचा, असा तिचा संकेत. बासरमान यांनी प्रथम आलेक्सांडर जिरार्दी यांची निवड केली. ते १९१८ मध्ये वारले. नंतर माक्स पालेनबर्ग. ते १९३४ मध्ये विमान अपघातात गेले. मग आलेक्सांडर मोइसी. ते मार्च १९३५ मध्ये व्हिएन्नात निवर्तले. तीन वारस डोळ्यांदेखत गेल्यावर बासरमान यांनी ती अंगठी मोइसींच्या शवपेटीवर ठेवली. बुर्ग नाट्यगृहाच्या संचालकांनी ती प्रेताबरोबर जाऊ दिली नाही आणि ती सरकारी संग्रहात जमा झाली. पण बासरमान यांनी ती पुन्हा बोटात घातली नाही.

व्हिएन्नात ते आले होते ते मायदेश सोडून. त्यांच्या पत्नी एल्झे या पूर्वाश्रमीच्या शिफ, जन्माने ज्यू. १९०८ मध्ये विवाह झाल्यापासून त्या पतीबरोबर रंगमंचावर उभ्या राहत आल्या होत्या. एल्झे यांचा अभिनय पतीच्या तोलाचा नाही असे टीकाकार अधूनमधून लिहीत, आणि नाट्यसंचालकांनाही ते जोडपे एकत्र घेण्याची अट जड वाटे. बासरमान यांनी त्याकडे कधी लक्ष दिले नाही. १९३३ नंतरच्या राजवटीने पतीस रंगमंच मोकळा ठेवला आणि पत्नीस बंद केला. सदुसष्टीकडे झुकलेल्या, देशातील सर्वोच्च मानचिन्ह धारण केलेल्या नटाने या सवलतीचा अव्हेर केला आणि ते दोघे बाहेर पडले: प्रथम ऑस्ट्रिया, १९३८ मध्ये तो देशही गिळंकृत झाल्यावर स्वित्झर्लंड, आणि १९३९ मध्ये अमेरिका. ज्यांनी त्याच काळी मौन पाळून पदे राखली अशा कलावंतांची यादी लांबलचक आहे, म्हणून मला हा निर्णय त्यांच्या कोणत्याही भूमिकेइतकाच मोलाचा वाटतो.

हॉलिवूडमध्ये पोहोचले तेव्हा त्यांना इंग्रजी जवळजवळ येतच नव्हते. ज्या नटाची सारी कला शब्दाच्या सूक्ष्म वळणावर, वाक्य मध्येच तोडण्यावर, बोलीच्या ओळखीच्या उबेवर उभी होती त्याला परक्या ध्वनींची घोकंपट्टी करावी लागली. एल्झे संवाद म्हणून दाखवीत आणि ते ध्वनी म्हणून पाठ करीत. तरीही १९४० मध्ये हिचकॉकच्या ‘परदेशी वार्ताहर’ या चित्रपटात त्यांनी व्हॅन मीर हा वृद्ध डच मुत्सद्दी साकारला. गुप्त कराराचे कलम वदवून घेण्यासाठी प्रखर दिव्यांच्या उजेडात आणि कर्कश संगीतात कोंडलेला तो म्हातारा सामान्य माणसांवरील आपला विश्वास बोलून दाखवितो, तेव्हा उच्चारांतील परकेपणा आपण विसरतो. कारण तेथे नट मागे सरलेला असतो आणि एक थकलेला, भ्यालेला, तरीही न वाकणारा मनुष्य आपल्यापुढे येतो. या भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्याच्या ऑस्करचे नामांकन मिळाले. त्याच वर्षी एका चित्रपटात ते जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉख झाले, १९४३ मध्ये ‘मादाम क्युरी’त प्राध्यापक, आणि १९४४ मध्ये न्यूयॉर्कच्या रंगमंचावर वेर्फेलच्या कादंबरीवरील नाटकात पोप. बहुतेक भूमिका छोट्या होत्या, कित्येक तर दोनचार मिनिटांच्या. त्यांतही हयगय केल्याचे दिसत नाही.

युद्धानंतर १९४६ पासून ते युरोपात पुन्हा काम करू लागले आणि ऐंशीच्या घरात असताना व्हिएन्नाच्या प्रेक्षकांनी त्यांना इब्सेनच्या नाटकांतून पुन्हा पाहिले. ‘तांबडे जोडे’ या १९४८ मधील इंग्रजी चित्रपटातील नेपथ्यकार रातोव्ह ही त्यांची पडद्यावरील शेवटच्या भूमिकांपैकी एक. १५ मे १९५२ रोजी न्यूयॉर्कहून झुरिचला जाणाऱ्या विमानात त्यांचे देहावसान झाले; दफन मानहाइममध्येच करण्यात आले.

अंगठीचा वारस मात्र त्यांनी पुन्हा नेमला नव्हता, त्यामुळे हा मामला रंगकर्मींच्या मतदानाकडे गेला. १९५४ मध्ये तिचा मान वेर्नर क्राउस यांना मिळाला: असामान्य ताकदीचा नट, आणि १९४० मध्ये नाझी प्रचारखात्याच्या ‘ज्यू स्यूस’ या द्वेषपटात एकामागून एक ज्यू पात्रे विकृत करून रंगविणारा नट. ज्या मनुष्याने पत्नीच्या जन्मजातीपायी देश सोडला त्याच्यानंतर ती अंगठी याच बोटात कशी गेली, आणि क्राउस यांच्या प्रतिभेचे व अपराधाचे मोजमाप जर्मन रसिकांनी कसे केले, याचा विचार पुढील लेखांकात करू.