लॅपटॉपमधले गेम काढा, धंद्याला जागा करा



या आठवड्याच्या व्हिडिओत स्क्रीनवर जे करून दाखवलं, ते इथे सविस्तर लिहून देतोय. व्हिडिओ थांबवत थांबवत काम करणं अवघड जातं. हे पान समोर उघडं ठेवा आणि एकेक पायरी करत चला.

विषय साधा वाटेल. घरातला लॅपटॉप मुलाच्या शिक्षणासाठी घेतलेला असतो. त्यात हळूहळू गेम येतात. मग तुम्ही मसाल्याचा, शिवणकामाचा, दुधाच्या पदार्थांचा, नाहीतर सुपा एमआयडीसीत छोट्या जॉबवर्कचा धंदा सुरू करता आणि बिलं, कोटेशन, जीएसटी सगळं त्याच लॅपटॉपवर येतं. एक दिवस स्क्रीनवर लाल पट्टी दिसते, 'लो डिस्क स्पेस'. टॅली उघडायला पाच मिनिटं, पीडीएफ सेव्ह होत नाही. आणि घरात एकच वाक्य सुरू होतं, "आता नवीन लॅपटॉप घ्यावा लागेल."

थांबा. समजा नवीन लॅपटॉप ४० हजारांचा आहे. धंद्याच्या पहिल्या वर्षी ४० हजार म्हणजे कच्चा माल आहे, पॅकिंग आहे, कर्जाच्या प्रकरणात स्वतःचा हिस्सा आहे. तो पैसा हप्त्यात अडकवण्याआधी एक तास द्या.

आधी ताळेबंद मांडा

आपल्या नगर तालुक्यातलं हिवरे बाजार सगळ्यांना माहीत आहे. तिथे दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडतात. पाऊस किती पडला, पाणी किती आहे, हे आधी मोजायचं आणि मग कोणतं पीक घ्यायचं ते ठरवायचं. उसासारख्या जास्त पाणी पिणाऱ्या पिकांवर गावाने स्वतःच बंदी घातली.

लॅपटॉपची जागा तशीच मोजायची. सेटिंग्ज उघडा, सिस्टममध्ये जा, तिथे स्टोरेज. कोणी किती जागा खाल्ली ते विंडोज स्वतःच दाखवतं.

इथे पहिला प्रश्न येतो, "सर, २५६ जीबीचा लॅपटॉप घेतला, इथे २३८ का दाखवतो? दुकानदाराने फसवलं का?" नाही. कंपनी जीबी मोजते ती हजाराच्या पटीत, विंडोज मोजतं १०२४ च्या पटीत. म्हणून २५६ चे साधारण २३८ आणि ५१२ चे साधारण ४७६ दिसतात.

आता एका घरातल्या लॅपटॉपचा नमुना हिशोब धरू. एकूण २३८ जीबी. विंडोज आणि ऑफिसचे प्रोग्रॅम ५०. गेम ११०. लग्नाचे, सहलीचे फोटो-व्हिडिओ ६०. उरले १८. म्हणजे जवळजवळ निम्मा लॅपटॉप गेमकडे आहे. हा तुमच्या लॅपटॉपमधला ऊस.

आता धंद्याला किती लागतं ते बघा. टॅलीचा प्रोग्रॅम एक जीबीसुद्धा घेत नाही. रोजची २० बिलं, वर्षाचे ३०० दिवस, एका पीडीएफला २०० केबी धरले तर वर्षाला सव्वा जीबीच्या आसपास. मालाचे १,००० फोटो, प्रत्येकी ४ एमबी, म्हणजे ४ जीबी. एवढंच! जागा खातो तो व्हिडिओ. मोबाईलवर शूट केलेल्या चांगल्या व्हिडिओच्या एका मिनिटाला साधारण १०० एमबी धरा. आठवड्याला १० मिनिटं शूट केलं तर वर्षाला ५० जीबीच्या वर जातं. रील करणाऱ्यांनी हे लक्षात ठेवा, पुढच्या वर्षी दोष गेमचा नसेल.

दुखणं नक्की जागेचंच आहे का?

लॅपटॉप संथ चालतो म्हणजे जागाच कमी असेल असं नाही. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकत्र दाबा, टास्क मॅनेजर उघडेल. कामाच्या वेळी 'मेमरी' सतत ९० टक्क्यांच्या वर असेल तर दुखणं रॅमचं आहे, गेम काढून ते फारसं जाणार नाही. मेमरी ठीक आहे पण जुनी फिरती हार्ड डिस्क आहे आणि 'डिस्क' सतत १०० टक्के दाखवतेय, तर एसएसडी बसवून घेणं हा उपाय. पण सी ड्राइव्ह काठोकाठ भरलेला असेल तर आधी तो मोकळा करा. विंडोजला स्वतःच्या कामासाठी आणि अपडेटसाठी तिथे मोकळी जागा लागते.

अजून एक. गेम कोणत्या ड्राइव्हवर आहे ते बघा. लाल पट्टी सी ड्राइव्हवर आणि गेम डी ड्राइव्हवर असेल, तर गेम काढून सी ची अडचण सुटत नाही.

घरात आधी बोला

ही पायरी कोणी सांगत नाही. मुलगा कॉलेजला गेला आणि बापाने गेम उडवले, तर संध्याकाळी घरात काय होतं ते तुम्हाला माहीत आहे. त्याने दोन वर्षं खेळून गाठलेली लेव्हल त्याच्यासाठी कमाईच आहे. तुमची खातेवही कोणी न विचारता फाडली तर कसं वाटेल? आणि उद्या ऑनलाइन ऑर्डर, डिझाइन, रील यासाठी तुम्हाला त्याचीच मदत लागणार आहे.

म्हणून दोघं बसा आणि यादीतल्या प्रत्येक गेमबद्दल विचारा, शेवटचा कधी खेळलास? सहा महिन्यांत उघडला नसेल तो जाईल. आवडता एखादा राहील. वरच्या हिशोबात २५ जीबीचा एक गेम ठेवला तरी १०३ जीबी मोकळे होतात. धंद्याचं वर्ष त्यात आरामात निघतं.

दोन गोष्टी त्याला नक्की सांगा. एक, स्टीम किंवा एपिकवरून विकत घेतलेला गेम काढला म्हणून पैसे बुडत नाहीत. तो खात्यावर राहतो, पुन्हा डाउनलोड करता येतो. दोन, सेव्ह केलेली प्रगती बऱ्याच गेमची क्लाउडवर असते, पण सगळ्यांची नाही. क्लाउडवर नसेल तर 'डॉक्युमेंट्स'मधलं 'माय गेम्स' आणि युजरच्या नावाखालचं 'सेव्ह्ड गेम्स' ही फोल्डर बघून पेन ड्राइव्हवर कॉपी करा.

आणि नेटचा विचार करा. गावात वायफाय नसेल, मोबाईलच्या रोजच्या २ जीबीवर घर चालत असेल, तर ६० जीबीचा गेम परत उतरवायला ३० दिवसांचा डेटा लागेल. असा गेम पुन्हा हवाच असेल तर काढण्याआधी बाहेरच्या हार्ड डिस्कवर त्याचा बॅकअप घ्या. स्टीममध्ये ती सोय आहे.

आता काढायचं कसं

डेस्कटॉपवरचं चित्र डिलीट केलं म्हणजे गेम गेला, असं बऱ्याच जणांना वाटतं. ती फक्त पाटी असते. दुकानाची पाटी काढली म्हणून आतला माल हलत नाही.

१. सेटिंग्ज उघडा, 'ॲप्स'मध्ये जा. विंडोज ११ असेल तर 'इन्स्टॉल्ड ॲप्स', विंडोज १० असेल तर 'ॲप्स अँड फीचर्स'.

२. यादी साइजनुसार लावा, सगळ्यात मोठं वर येईल. काही गेमसमोर साइज दिसत नाही, त्यांची साइज लाँचरमध्ये बघा.

३. गेमवर क्लिक करा, 'अनइन्स्टॉल' निवडा. गेम बंद असू द्या आणि काम पूर्ण होईपर्यंत लॅपटॉप बंद करू नका.

४. स्टीमचे गेम स्टीममधूनच काढा. लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, मग 'मॅनेज', मग 'अनइन्स्टॉल'. एपिकमध्ये लायब्ररीत गेमजवळच्या तीन टिंबांवर क्लिक केलं की तो पर्याय येतो. लक्षात ठेवा, अख्खं स्टीमच अनइन्स्टॉल केलं तर त्यातले सगळे गेम सोबत जातात. मुलाला एक ठेवायचं वचन दिलं असेल तर तेवढं सांभाळा.

५. व्हॅलोरंट काढला तरी 'रायट व्हॅनगार्ड' यादीत वेगळा राहू शकतो. लॅपटॉप सुरू होताच तोही सुरू होतो. तो वेगळा अनइन्स्टॉल करा.

६. मोबाईलचे गेम लॅपटॉपवर खेळायला ब्लूस्टॅक्ससारखं सॉफ्टवेअर टाकलेलं असतं. आतला गेम काढून लगेच जागा मोकळी होईलच असं नाही. ते वापरातच नसेल तर पूर्ण ब्लूस्टॅक्स काढा.

७. लॅपटॉप रीस्टार्ट करा, रिसायकल बिन रिकामं करा आणि स्टोरेजमध्ये जाऊन आकडा पुन्हा बघा. आधीचा आणि नंतरचा, दोन्ही वहीत लिहा. हिशोबाची सवय इथूनच लागते.

इथे हात लावायचा नाही

जागा मोकळी होताना दिसली की हुरूप येतो आणि माणूस जे दिसेल ते डिलीट करत सुटतो. खरं नुकसान इथे होतं.

सी ड्राइव्हमधली 'विंडोज' आणि 'प्रोग्रॅम फाइल्स' ही फोल्डर उघडून हाताने काही उडवू नका. टॅलीचा डेटा बऱ्याचदा सी ड्राइव्हमध्येच 'युजर्स'खाली 'पब्लिक'मधल्या टॅलीप्राइमच्या फोल्डरमध्ये असतो. अनोळखी फोल्डर म्हणून तो गेला तर वर्षाचा हिशोब गेला. म्हणून सुरुवात करण्याआधी टॅलीप्राइममध्ये ऑल्ट आणि वाय दाबून 'बॅकअप' घ्या आणि तो पेन ड्राइव्हवर ठेवा.

स्टोरेजमध्ये 'टेम्पररी फाइल्स' साफ करायची सोय आहे, ती जरूर वापरा. पण त्या यादीत 'डाउनलोड्स'चाही चौकोन असतो. त्यावर टिक करू नका! पोर्टलवरून उतरवलेली रिटर्न, उद्यम प्रमाणपत्र, पुरवठादाराची बिलं आपल्याकडे सहसा डाउनलोड्समध्येच पडलेली असतात. जीएसटी कायद्याच्या कलम ३६ नुसार हिशोबाची कागदपत्रं त्या वर्षाच्या वार्षिक रिटर्नच्या शेवटच्या तारखेपासून ७२ महिने जपावी लागतात. सहा वर्षं! म्हणून आधी ती फाइल बाहेर काढा, वर्षानुसार फोल्डर करा, मग उरलेलं उडवा.

आणि दिवस बघून काम करा. दरमहा रिटर्न भरणाऱ्यांना जीएसटीआर-३बी साठी २० तारीख असते. १९ च्या रात्री ही साफसफाई काढू नका. कर भरायचा असेल तर उशिराला रोज ५० रुपये लेट फी लागते, व्याज वेगळं. महिन्याचा पहिला आठवडा चांगला.

फुकटातला गेम सगळ्यात महाग

पेन ड्राइव्हवरून आणलेले, कुठल्यातरी साइटवरून उतरवलेले क्रॅक गेम घरात असतील, तर त्यांची चर्चा करत बसू नका, ते काढाच. अशा फाइलसोबत पासवर्ड चोरणारे प्रोग्रॅम येऊ शकतात. ब्राउझरमध्ये सेव्ह केलेले पासवर्ड हेच त्यांचं पहिलं लक्ष्य असतं. गेम जातो, पण तो प्रोग्रॅम मागे राहू शकतो. म्हणून नंतर विंडोज सिक्युरिटीमधून 'फुल स्कॅन' करा आणि बँकेचे, ईमेलचे, जीएसटी पोर्टलचे पासवर्ड दुसऱ्या स्वच्छ उपकरणावरून बदला. 'एका क्लिकमध्ये लॅपटॉप फास्ट' अशा जाहिरातींचे क्लीनरही टाकू नका. विंडोजची स्वतःची साधनं पुरतात.

शेवटी, लॅपटॉपवर दोन वेगळी युजर खाती करा, एक धंद्याचं, एक घरचं. घरच्या खात्याला ॲडमिनचे अधिकार देऊ नका. काहीही नवीन टाकायचं तर तुमचा पासवर्ड लागेल आणि तुम्हाला आधी कळेल.

विंडोज १० वापरणाऱ्यांना एक सूचना. त्याचा मोफत सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. बँकेचं काम करणाऱ्या लॅपटॉपवर सुरक्षा अपडेट नसणं बरं नाही. जागा मोकळी झाली की मायक्रोसॉफ्टच्या 'पीसी हेल्थ चेक' या ॲपने तुमचा लॅपटॉप विंडोज ११ घेऊ शकतो का ते तपासा.

एवढं करूनही लॅपटॉप धंद्याला पुरत नसेल, तर नवीन घ्या, बिनधास्त घ्या. पण तेव्हा तुमच्या वहीत आकडे असतील, जागा किती लागते, रॅम किती लागते, एसएसडी किती हवी. दुकानदार सांगेल ते नाही, तुमचा ताळेबंद सांगेल ते घ्याल.

या रविवारी करून टाका. आधी टॅलीचा बॅकअप, मग घरात चर्चा, मग अनइन्स्टॉल. क्रम बदलू नका.

पुढच्या व्हिडिओत, सहा वर्षांची बिलं सापडतील अशी फोल्डर कशी लावायची ते बघू. भेटूया!