देव आणि थडगी (१४) : खांद्याचं हाड

आज एल्युसिसला, डीमीटर देवीच्या ठाण्याला, जायचं ठरलं होतं. ते एक आठवडा लांबणीवर टाकतोय, कारण एका वाचकभगिनींच्या पत्राने वाट अडवली. गेल्या खेपेचं हेराक्लीजचं वेड वाचून त्या विचारतात, ‘स्वतःच्या पोरांना मारणारा हा, रुसून तंबूत बसणारा तो अकिलीज. यांच्यात पूजण्यासारखं होतं तरी काय?’

प्रश्न रास्त आहे. त्यात थोडा दोष माझा, कारण मी पहिल्यापासून ‘वीर’ हा शब्द वापरत आलो. आपला सिनेमातला ‘हिरो’ मूळचा ग्रीकच, पण इंग्रजीतून आपल्याकडे पोचेपर्यंत त्याला बरेच सद्गुण चिकटले. ग्रीकांच्या पूजाविधीतला ‘हिरोस’ म्हणजे मेलेला माणूस, पण मेल्यावरही ज्याचा वचक संपलेला नाही असा. तो जिथे पुरलाय तिथून तो गावाचं भलं करतो किंवा गावाला छळतो. देवाला थडगं नसतं. क्रीटमधले लोक झ्यूसचं थडगं आमच्याकडे आहे म्हणायचे, तर त्यांना खोटारडे ठरवलं गेलं.

चांगुलपणाशी याचा संबंध किती कमी, ते बघायचं तर आस्टिपालिया बेटावरचा मुष्टियोद्धा क्लिओमिडीस घ्या. इसवी सनापूर्वी ४९२ च्या ऑलिम्पिक स्पर्धेत त्याच्या हातून प्रतिस्पर्धी मेला. पंचांनी बक्षीस नाकारलं आणि या गड्याचं डोकं फिरलं. घरी परतल्यावर त्याने एका शाळेचा खांब उपटला. छत साठेक मुलांवर कोसळलं. लोक दगड घेऊन मागे लागले, तेव्हा तो अथीनाच्या देवळात शिरला, एका पेटाऱ्यात बसला आणि झाकण आतून ओढून धरलं. लोकांनी शेवटी फळ्या फोडल्या, तर आत कोणीच नाही. डेल्फीला कौल लावला. उत्तर आलं, हा शेवटचा हिरोस, याला बळी द्या, हा आता मर्त्य उरलेला नाही. ज्यांची लेकरं गेली त्याच गावाने मग त्याची पूजा सुरू केली. त्याने काय केलं हे कोणी विसरलं नव्हतं. इतकी ताकद मोकाट सोडण्यापेक्षा तिला वर्षाचं देणं बांधून दिलेलं बरं, असा हिशेब त्यामागे दिसतो.

देणं द्यायची तऱ्हाही निराळी. देवाची वेदी उंच, धूर वर जाणार. हिरोसला बहुतेकदा खड्डा किंवा जमिनीलगतचं अग्निस्थान, रक्त खाली मुरणार, जनावर काळं. पुस्तकात ही विभागणी जितकी रेखीव दिसते तितकी प्रत्यक्षात नव्हती. अनेक हिरोसांच्या थडग्यांपाशी देवासारखीच मांसाची पंगत बसायची. हेराक्लीजचं तर दोन्हीकडे खातं. सिक्यॉन गावात त्याच्यासाठी कोकरू मारलं की काही भाग देवाच्या पद्धतीने वाहायचे, उरलेला हिरोसच्या.

एकदा सगळी ताकद थडग्यात आहे म्हटलं, की हाडांना भाव येणारच. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसने सांगितलेली एक गोष्ट माझी फार लाडकी आहे. इसवी सनापूर्वीच्या सहाव्या शतकात स्पार्टावाले शेजारच्या टेगियाकडून सारखे मार खात होते. डेल्फीने सांगितलं, अगामेम्नॉनच्या पोराची, ओरेस्टीसची, हाडं घरी आणा. कुठे आहेत? टेगियात, जिथे दोन वारे जोराने वाहतात, घावावर प्रतिघाव बसतो, दुःखावर दुःख रचलं जातं तिथे. आता शोधा! तहाच्या काळात लिखस नावाचा स्पार्टन टेगियातल्या एका लोहाराच्या पडवीत काम बघत उभा राहिला. लोहार म्हणाला, यात काय बघतोस, अंगणात विहीर खणताना मला सात हात लांबीची शवपेटी सापडली, आतला माणूसही तेवढाच लांब. लिखसच्या डोक्यात उजेड पडला. दोन भाते म्हणजे वारे. हातोडा आणि ऐरण म्हणजे घाव-प्रतिघाव. आणि लोखंड माणसाच्या मुळावर आलेलं, म्हणून दुःखावर दुःख. स्पार्टाने त्याला खोटंखोटं हद्दपार केलं, त्याने लोहाराकडून ते अंगण भाड्याने घेतलं, गुपचूप हाडं उकरली आणि पसार झाला. त्यानंतर म्हणे टेगियाशी लढताना स्पार्टा हरलीच नाही.

अथेन्सनेही हेच केलं. इसवी सनापूर्वी ४७५ च्या सुमारास त्यांच्या सेनापती किमॉनने स्कीरॉस बेट घेतलं आणि तिथून अथेन्सच्या पुराणकथांतल्या राजाची, थिसियसची, म्हणून भल्यामोठ्या माणसाची हाडं, शेजारच्या भाल्या-तलवारीसकट, वाजतगाजत आणली. बेट जिंकायला तेवढंच निमित्त पुरलं, असंही म्हणता येईल.

सात हात म्हणजे दहा फुटांवर. एवढा माणूस कुठला? एड्रियन मेयर या अभ्यासक बाईंनी २००० साली एक सबंध पुस्तक लिहून सुचवलं, की यातली बरीचशी हाडं हिमयुगातल्या हत्तीवर्गातल्या प्राण्यांची असावीत. पेलोपोनीजमध्ये मेगालोपोलिसच्या खोऱ्यात प्राचीन हत्तींचे जीवाश्म खरोखर निघतात. ओरेस्टीसची हाडं आज समोर नाहीत, तेव्हा पैज लावता येत नाही. पण पुढची गोष्ट वाचताना मला हटकून हत्तीच आठवतो.

ज्याच्या नावावरून ‘पेलोपोनीज’, तो पेलॉप्स. बाप टँटलसने त्याला कापून देवांच्या पंगतीत वाढलं. बाकी देवांनी ओळखलं, फक्त मुलीच्या दुःखाने भान हरपलेल्या डीमीटरने खांद्याचा तुकडा खाल्ला. देवांनी पोराला पुन्हा सांधलं आणि खांदा हस्तिदंताचा बसवला. (एल्युसिसची मालकीण आज अशी मागच्या दाराने आलीच.) त्या खांद्याच्या हाडाशिवाय ट्रॉय पडणार नाही असं भाकीत झालं, म्हणून ते तिकडे नेलं. परतताना युबीयाजवळ जहाज बुडालं. बऱ्याच वर्षांनी दामार्मेनस नावाच्या कोळ्याच्या जाळ्यात ते आलं. आकार बघून तो हबकला, हाड वाळूत लपवलं आणि डेल्फी गाठली. नेमके तेव्हाच ऑलिम्पिया सांभाळणारे, साथीने हैराण झालेले एलिसचे लोकही तिथे आले होते. कौल दोघांना एकदमच मिळाला : तुम्ही पेलॉप्सची हाडं मिळवा, तू सापडलेलं हाड यांना दे. कोळ्याला बक्षीस काय, तर तो आणि त्याचे वंशज त्या हाडाचे राखणदार.

आपल्या ओळखीचा ग्रीक प्रवासी पाउसानिअस इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात ऑलिम्पियाला पोचला, तोवर ते हाड नाहीसं झालं होतं. इतकी वर्षं खाऱ्या पाण्यात राहून झिजलं असावं, असं त्याला वाटलं. पण झ्यूस आणि हेरा यांच्या देवळांमधल्या पेलॉप्सच्या आवारात त्या वर्षाचे अधिकारी अजून काळा मेंढा मारत होते. ते मांस ज्याने खाल्लं त्याला झ्यूसच्या देवळात पाय ठेवायची बंदी होती. हाड गेलं, पण देणं चालूच राहिलं.

पुढच्या आठवड्यात एल्युसिस. पत्रं जरा जपून लिहा.