आधी ऐकावे, मग ठरवावे

न्याय म्हटला की पंढरपूर तालुक्यातील करकंबच्या माणसाला कोर्ट, वकील आणि पडणाऱ्या तारखा आठवतात. परंतु ज्या निर्णयांनी शेतकऱ्याचे आयुष्य प्रत्यक्ष पालटते, त्यांतील कितीतरी निर्णय तलाठी, मंडल अधिकारी, तहसीलदार आणि प्रांत यांच्या दप्तरांतच होऊन जातात. या अंमलदारांनी कोणाच्याही हक्कास बाध आणणारा हुकूम काढण्यापूर्वी त्याचे म्हणणे ऐकून घ्यावे, हा नैसर्गिक न्यायाचा दंडक आहे.

समजा, बाप वारल्यावर दोघा भावांनी वारस म्हणून आपलीच नावे सांगितली आणि बार्शीस दिलेल्या बहिणीचे नाव सोयीस्करपणे गाळले. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 याच्या कलम 150 प्रमाणे, फेरफाराची नोंद धरताच तलाठ्याने, म्हणजे आजच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याने, तिची प्रत चावडीवर लावली पाहिजे. आणि ज्यांचा हितसंबंध दप्तरावरून दिसतो, किंवा तो असावा असे मानण्यास कारण आहे, अशा सर्वांना लेखी कळविले पाहिजे. बहिणीने हरकत घेतली, की ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत चढते आणि अव्वल कारकुनाहून खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी तिचा निकाल करतो. चावडीवरचा कागद बार्शीत वाचता येत नाही. म्हणून तिच्या बाबतीत सारा न्याय त्या लेखी सूचनेवर अवलंबून असतो.

नुसती तारीख देऊन रोजनाम्यात हजेरी मांडली म्हणजे सुनावणी झाली, असे मात्र होत नाही. आक्षेप काय आहे हे नोटिशीत स्पष्ट असावे, विरुद्ध बाजूचे कागद पाहावयास मिळावेत, उत्तरास पुरेशी मुदत असावी, निर्णय देणाऱ्याचा त्यात स्वतःचा स्वार्थ नसावा, आणि हुकुमात कारणे नमूद असावीत. हा विचार आपल्याकडे परकाही नाही. मराठेशाहीत गोतसभेपुढे वादी-प्रतिवादी आपापल्या तकरिरी, म्हणजे कैफियती, देत, निवाडा मान्य करू असा राजीनामा आधी लिहून देत, आणि मगच महजर, म्हणजे निवाड्याचा लेख, होई.

परंतु ज्याची बाजू उघडच लंगडी आहे, त्याला ऐकून काय साधणार? हा प्रश्न मुंबईच्या पदपथवासीयांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयापुढे उभा राहिला. मुंबई महानगरपालिका अधिनियमाच्या कलम 314 प्रमाणे आयुक्तांना पूर्वसूचनेवाचून अतिक्रमण हटविता येत होते. 1985 साली मुख्य न्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या पाच सदस्यांच्या पीठाने सांगितले, की तो केवळ अधिकार आहे, आज्ञा नव्हे. सूचना न देणे हा अपवाद असावा, आणि उत्तर काय येणार हे आधीच ठाऊक आहे अशा समजुतीने सुनावणी टाळता येत नाही. पदपथावर कायम राहण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला नाही; तथापि पावसाळ्यात कोणी उघड्यावर पडू नये म्हणून 31 ऑक्टोबरपर्यंत कारवाई थांबविली. सुनावणीचा हक्क हा जिंकण्याचा हक्क नव्हे, आणि हरणाऱ्यालाही तो असतो, या दोन्ही गोष्टी त्या एकाच निकालात एकत्र आल्या.

अर्थात या नियमालाही मर्यादा आहेत. पडू लागलेली इमारत रिकामी करताना खुलासे मागत बसता येत नाही. तेथे आधी कृती आणि नंतर सुनावणी हाच क्रम योग्य. पण वारसनोंदीसारख्या कामात अशी निकड क्वचितच असते. मंडल अधिकाऱ्याच्या हुकुमाविरुद्ध 60 दिवसांत प्रांताकडे अपील करता येते हे खरे. मात्र मधल्या काळात भावांनी जमिनीवर कर्ज काढले किंवा तिचे खरेदीखत करून दिले, तर अपिलात जिंकलेल्या बहिणीला बँकेशी वा खरेदीदाराशी दुसरे भांडण सुरू करावे लागते. म्हणून नागरिकाने हरकत तोंडी न सांगता लेखी द्यावी आणि तिची पोच मागून घ्यावी. अंमलदारानेही सुनावणीला कामाचा खोळंबा मानू नये, कारण न ऐकता काढलेला बरोबर हुकूमसुद्धा अपिलात रद्द होऊन त्याच टेबलावर परत येतो.