दिव्याचं माप आणि पुंजाचा जन्म

१८९०च्या दशकात जर्मनीत प्रकाश मोजायचं अधिकृत माप म्हणजे एक ज्योत होती. हेफ्नर दिव्यात अमाइल अ‍ॅसिटेट नावाचं, पिकल्या केळ्यासारखा वास येणारं द्रव जाळायचं आणि ज्योत बरोबर ४० मिलिमीटर उंच ठेवायची. तिचा उजेड तांबूस असे आणि हवेतला दमटपणा वाढला की मंदावत असे. विजेचे दिवे आणि गॅसचे दिवे यांची बाजारात चुरस लागली होती. कोणाचा दिवा किती उजेड देतो, हे ठरवायला असं चंचल माप पुरेना. पुंजभौतिकीची सुरुवात या व्यवहारी अडचणीतून झाली.

ही अडचण ज्यांच्या टेबलावर आली ती संस्था म्हणजे बर्लिनलगतच्या शार्लोटेनबुर्गमधली फिजिकालिश-टेक्निशं राइशआन्श्टाल्ट, अर्थात जर्मन साम्राज्याची भौतिकी आणि तंत्रमापन संस्था. १८८७ साली ती स्थापन झाली. उद्योगपती वेर्नर फॉन सीमेन्स यांनी तिच्यासाठी स्वतःची जमीन दिली आणि पहिले अध्यक्ष झाले हेर्मान फॉन हेल्महोल्ट्स. हे दोघे एकमेकांचे व्याही. अध्यापनाचा भार नसलेल्या शास्त्रज्ञांनी पूर्णवेळ अचूक मोजमापं करावीत, ही कल्पना त्या काळी नवी होती. पुढे इतर देशांनीही अशा संस्था उभारल्या.

ज्योतीपेक्षा भरवशाचं माप हवं, तर तापलेल्या वस्तूचा प्रकाश नेमका तापमानावर कसा अवलंबून असतो हे कळायला हवं. त्यासाठी आदर्श वस्तू म्हणजे कृष्णवस्तू, पडलेला सगळा प्रकाश शोषून घेणारी. ती आणायची कुठून? १८९५ साली विल्हेल्म वीन आणि ओटो लुमर यांनी सुचवलं की सगळीकडून सारख्या तापवलेल्या पोकळीला बारीक भोक ठेवा, त्यातून बाहेर येईल तेच कृष्णवस्तूचं प्रारण. मग लुमर आणि फर्डिनांड कुर्लबाउम यांनी प्लॅटिनमच्या पातळ पत्र्याची नळी करून तिच्यातून वीजप्रवाह सोडला. ही भट्टी सुमारे १,५०० अंश सेल्सिअसपर्यंत तापे. संस्थेच्या इतिहासात मला सर्वांत मोलाची वाटते ती ही नळी.

कृष्णवस्तूच्या प्रारणासाठी वीन यांनी मांडलेलं सूत्र आखूड तरंगलांबीला छान जुळत होतं. पण लुमर आणि एर्न्स्ट प्रिंग्सहाइम यांना लांब तरंगलांबीकडे फरक दिसू लागला. फरक लहान होता आणि उपकरणातला दोष म्हणून सोडून देणं सोपं होतं. त्यांनी तो सोडला नाही. १९०० साली हाइन्रिश रुबेन्स यांनी कुर्लबाउमसह दूरच्या अवरक्त पट्ट्यात मोजमापं केली. सैंधव आणि फ्लोरस्पार यांच्या स्फटिकांवरून किरण वारंवार परावर्तित करायचे. बाकीच्या तरंगलांबी गळून पडतात आणि एक अरुंद पट्टा उरतो. त्या पट्ट्यात वीनचं सूत्र साफ कोलमडलं.

७ ऑक्टोबर १९००, रविवार. रुबेन्स पत्नीसह माक्स प्लँक यांच्या घरी गेले आणि बोलता बोलता हे निष्कर्ष सांगितले. त्याच संध्याकाळी प्लँकनी नवं सूत्र मांडलं. १९ ऑक्टोबरला ते भौतिकशास्त्रज्ञांच्या सभेत सादर झालं आणि रुबेन्सनी रातोरात आकडे पडताळून ते जुळत असल्याचं कळवलं. सूत्र जुळलं, पण का जुळतं? उत्तर शोधताना प्लँकना ऊर्जा पुंजांच्या रूपात, सुट्या तुकड्यांत विभागावी लागली. १४ डिसेंबरला ते मांडलं गेलं.

या संस्थेच्या भिंतींत पुढेही खूप घडलं. १९१५ साली आइनस्टाइन आणि डी हास यांनी चुंबकत्व आणि कोनीय संवेग यांचं नातं इथेच प्रयोगाने तपासलं. १९३३ साली माइसनर आणि ओक्सेनफेल्ड यांना अतिवाहक पदार्थ आपल्या आतलं चुंबकीय क्षेत्र बाहेर ढकलतो, हे दिसलं.

त्याच वर्षी संस्थेवर घाला पडला. नोबेल मिळवलेले, पण कट्टर नाझी असलेले योहानेस श्टार्क अध्यक्ष झाले. आइनस्टाइनचं सापेक्षतावादी काम त्यांना 'ज्यू भौतिकी' वाटे. भौतिकशास्त्रज्ञ माक्स फॉन लाउए यांनी प्रशियन अकादमीत श्टार्क यांच्या प्रवेशाला उघड विरोध केला, तेव्हा श्टार्कनी त्यांना संस्थेच्या सल्लागारपदावरून काढलं. युद्धात बाँबहल्ल्यांमुळे बरंच काम थुरिंगियात हलवावं लागलं. १९४७ साली ब्राउनश्वाइगजवळ ती पुन्हा उभी करायला ब्रिटिश प्रशासनाला राजी करण्यात फॉन लाउएच पुढे होते. हकालपट्टी झालेल्या माणसाने संस्था पुन्हा उभी केली, याला मी त्या काळातलं मोठं धैर्य म्हणतो.

आज तिचं नाव फिजिकालिश-टेक्निशं बुंडेसआन्श्टाल्ट. तिच्या अणुघड्याळांची वेळ फ्रँकफुर्टजवळच्या माइनफ्लिंगेन केंद्रावरून ७७.५ किलोहर्ट्झवर प्रसारित होते आणि जर्मनीतली असंख्य घड्याळं त्यावर आपोआप लागतात. २० मे २०१९ पासून किलोग्रॅमची व्याख्याही पुंजाच्या त्याच कल्पनेतून आलेल्या प्लँकच्या स्थिरांकावर आधारलेली आहे. सिलिकॉनच्या जवळजवळ परिपूर्ण गोळ्यांतले अणू मोजून त्या स्थिरांकाची किंमत पक्की करण्यात या संस्थेचा मोठा वाटा होता.

आपल्या पाठ्यपुस्तकांत पुंजाची गोष्ट प्लँकपासून सुरू होते. त्या धड्यात लुमर, कुर्लबाउम आणि रुबेन्स यांची नावं आणि प्लॅटिनमच्या त्या नळीचं एक चित्र छापलं जावं, एवढीच मागणी आहे.