तबकडीचे भोक आणि हलता षड्ज

गेल्या पावसाळ्यात माझ्या वर्गातील एका मुलीवर मी विनाकारण रागावलो. हा लेख म्हणजे त्याची कबुली समजावी.

जुन्या ख्यालगायकांच्या ७८ फेऱ्यांच्या तबकड्या हल्ली नव्याने लांब तबकडीवर छापून निघतात. तशी एक मी टपालाने मागविली होती. वेष्टन देखणे, किंमतही देखणी. कंपनीचे नाव घेत नाही. मुलीला म्हटले, "यांच्या षड्जाला तंबोरा लाव पाहू." तिने दोनतीनदा खुंटी पिळली आणि हळूच म्हणाली, "गुरुजी, यांचा सा हलतोय." मी म्हणालो, "खांसाहेबांचा सा हलत नसतो, तुझा कान हलतो आहे." पोर बिचारी गप्प बसली.

रात्री तीच बाजू पुन्हा लावली आणि ऐकण्याऐवजी पाहत बसलो. सुईची दांडी दर फेऱ्याला आत-बाहेर झोके घेत होती, पाळण्यासारखी! तबकडीचे भोक मधोमध नव्हते.

तबकडी दाबण्याचा निकेलचा ठसा असतो. त्याचे मध्य साधताना अर्धा मिलिमीटर चूक झाली, की त्या ठशातून निघणारी प्रत्येक तबकडी तितकीच वाकडी फिरते. मग सुईखालून चरी कधी वेगाने सरकते, कधी सावकाश. सूर चढतो आणि उतरतो. बाहेरच्या कडेला हे फारसे जाणवत नाही. पण बाजूच्या शेवटी, मध्यापासून सहा सेंटिमीटरवर, चढउतारातील अंतर सुमारे १.७ टक्के होते. आपली प्रमाणश्रुती म्हणजे ८१ : ८०, जेमतेम सव्वा टक्का. म्हणजे दर फेऱ्याला एक श्रुती गिळून वर चिमूटभर!

याच श्रुतींसाठी कृ. बा. देवल यांनी आयुष्य घालविले. त्यांचा बावीस श्रुतींवरील ग्रंथ १९१० चा. तरुणपणी आपल्या बडोद्याच्या दरबारी राहिलेले अब्दुल करीमखां पुढे देवल आणि क्लेमंट्स यांच्या प्रयोगांना गळा देत असत.

मला प्रथम शंका आली ती मूळ तबकडीचीच. वाकडे भोक तिचेही असू शकते, आणि ती तशीच लावून ध्वनी उतरविला तर हेलकावा नव्या प्रतीत कायमचा उतरतो. पण हे ओळखता येते. ७८ च्या तबकडीचा फेरा पाऊण सेकंदाचा, लांब तबकडीचा १.८ सेकंदांचा. घड्याळ घेऊन बसलो. हेलकावा सावकाश होता. दोष नव्या छपाईचा. (वेगाचा घोळ निराळा. ७४ फेऱ्यांनी मुद्रित केलेली तबकडी ७८ ने लावली, की काळी एकचा गवई पांढरी दोनमध्ये गाऊ लागतो आणि तानांची तारीफ उगाच वाढते.)

खरखर मला चालते. लाखेच्या तबकड्यांची खरखर ऐकतच आम्ही वाढलो. तिच्यामागे तंबोऱ्याची जवारी शाबूत असे. ती खरखर पुसताना जवारीही खरवडून काढतात, याचे वाईट वाटते. पण हलणारा षड्ज चालत नाही.

विक्रेत्याने तक्रार न करता दुसरी प्रत पाठविली. तीही त्याच ठशातली निघाली, तसाच झोका. १९८० च्या दशकात नाकामिची या जपानी कंपनीने तबकडीचा मध्य स्वतः शोधून ती सरकवणारे यंत्र काढले होते. आमच्याकडे कानस आहे. भोक किंचित वाढविले, तबकडी बोटाने सरकवत सरकवत दांडी स्थिर केली. चार वेळा चुकले, पाचव्यांदा जमले.

दुसऱ्या दिवशी मुलीला बोलावून म्हटले, "कान तुझा खरा होता, चूक माझी." ती काही बोलली नाही. तंबोरा घेतला, जोडीच्या तारा लावल्या आणि या वेळी खुंटीला पुन्हा हात लावला नाही.