नॅलॉक्सोन : गस्तीच्या गाडीतला उतारा

• ओपिऑइड : अफूपासून किंवा प्रयोगशाळेत बनवलेली वेदनाशामक द्रव्ये. उदा. मॉर्फिन, हेरॉइन, फेंटॅनिल. फेंटॅनिल हेरॉइनच्या सुमारे ५० पट तीव्र.

• अतिमात्रेच्या खुणा : टाचणीच्या टोकाएवढ्या डोळ्यांच्या बाहुल्या, निळसर ओठ, घशात घरघर, मंदावलेला श्वास.

• उपाय : नाकपुडीत नॅलॉक्सोनचा एक फवारा. दोन-तीन मिनिटांत श्वास सुधारला नाही, तर दुसरा. परिणाम ३० ते ९० मिनिटेच टिकतो. नंतर श्वास पुन्हा मंदावू शकतो. म्हणून शुद्धीवर आलेल्यालाही रुग्णालयात न्यायचे.

• क्विन्सी, मॅसॅच्युसेट्स (अमेरिका) : २०१०पासून गस्तीवरच्या पोलिसांकडे नॅलॉक्सोन.

• ग्लॉस्टर : त्याच राज्यातले, सुमारे ३० हजार वस्तीचे मासेमारीचे बंदर. २०१५मध्ये पोलिसांचे धोरण : ठाण्यात येऊन मदत मागणाऱ्या व्यसनग्रस्ताला अटक नाही, उपचार.

• अमेरिकेत २०२३पासून नॅलॉक्सोनचा फवारा डॉक्टरांच्या चिठ्ठीविना मिळतो.